वीणेच्या पहाऱ्याचा फळा

मित्रांनो, मी एक जुना फळा आहे. शाळेतला नव्हे हो. शाळेतल्या फळ्यावर रोज लिहितात, रोज पुसतात. माझ्यावर वर्षातून एकदाच लिहितात, चैत्रात, आमच्या गावचा हरिनाम सप्ताह उभा राहतो तेव्हा. बाकीचं वर्ष मी विठ्ठल मंदिराच्या सभामंडपात भिंतीला पाठ लावून असतो. आता पाठही धरते माझी.

दोंडाईच्याच्या बाजारात कन्हैयालाल शेठचं दुकान होतं. त्या दुकानाला पूर्वी फळ्यांचं दार होतं. सकाळी एकेक फळी काढायची, संध्याकाळी एकेक फळी लावायची. मी त्यातल्या पाच फळ्यांचा झालेलो आहे. मिरचीच्या हंगामात सगळ्या बाजाराचा ठसका आम्ही नाकातोंडात भरून घेतला आहे. पुढे शेठने लोखंडी शटर बसवलं. सागाचं लाकूड जाळायला त्यांचा जीव धजेना. "देवाच्या कामी लागू द्या," म्हणत त्यांनी आम्हाला आमच्या गावच्या मंदिरात पाठवून दिलं.

गावात वना मिस्त्री होता. सुतारकामाचा माणूस, बोलायला कमी, भजनाला पुढे. त्याने आम्हाला रंधा मारला, मागून आडव्या पट्ट्या ठोकल्या, काळा रंग दिला. मग काव लावलेलं सूत ताणून अंगावर टणकन मारलं आणि त्या खुणेवरून लाल तेलरंगाने रेघा ओढल्या. उभ्या रेघांनी माझे दोन भाग झाले. एकावर त्याने लिहिलं 'वेळ', दुसऱ्यावर 'नाव'. आडव्या रेघांनी बारा ओळी झाल्या. त्या दिवसापासून मी फळी राहिलो नाही, पहाऱ्याचा फळा झालो.

पहारा कसला, ते सांगतो. सप्ताहात देवापुढे अखंड वीणा उभी असते. वीणा घेतलेल्याने बसायचं नाही, वीणा जमिनीला टेकवायची नाही, आणि तार गप्प होऊ द्यायची नाही. दोन तास झाले की दुसरा येतो. दोघे एकमेकांच्या पाया पडतात, एकाच्या गळ्यातली वीणा दुसऱ्याच्या गळ्यात जाते, आणि नाम चालूच राहतं. कोणाचा पहारा कधी, हे माझ्यावर लिहिलेलं असतं. ते तसं सगळ्यांना पाठच असतं म्हणा. ज्या घराचा जो पहारा, तो आजोबा-पणजोबांपासून त्याच घराचा. समाधान पाटलाच्या घरचा दुपारी बाराचा. तोताराम आबांचा त्याच्या आधीचा, दहाचा.

माझ्या उभ्या भागांना लोक काय काय म्हणतात, ते ऐकत माझं आयुष्य गेलं. वना मिस्त्री 'खाना' म्हणायचा. पेटीला असतो तसा खाना. शाळेचे गुरुजी 'रकाना' म्हणायचे, तलाठीही रकानाच म्हणतो. धुळ्याला कॉलेजात शिकणारी समाधानची मेघा 'कॉलम' म्हणते. मला 'रकाना' आवडतो. उभा तो रकाना, आडवी ती ओळ. एका जातीची माहिती एकाखाली एक लावली की रकाना होतो. वेळेखाली वेळ, नावाखाली नाव. पण नुसत्या रकान्याने काही कळत नाही बरं. वेळ कोणाची आणि नाव केव्हाचं, हे आडवी ओळ सांगते. रकाना नीट लावतो, ओळ एकमेकांना धरून ठेवते.

एका वर्षी कीर्तनात बुवांनी माझ्याकडे बोट करून दृष्टांत दिला होता. म्हणाले, "माणूस जन्माला आला की आखायला लागतो. जमिनीचा रकाना, घराचा रकाना, लेकरांचा रकाना, मानपानाचा रकाना. सगळे भरत जातो, भरत जातो. आणि जायची वेळ झाली की बघतो, तर नामाचा रकाना कोरा!" मग मृदंगावर अशी काही थाप पडली, की सारा मंडप डोलला. टाळ्यांच्या त्या गजरात माझ्यासारख्या लाकडालाही आपण धन्य झालो असं वाटलं. कीर्तन ऐकण्यासारखं सुख नाही मित्रांनो. लाकूड झालो म्हणून काय, कान तर भिजतातच.

पण सुखाचे दिवस सरतात. यंदा सप्ताहाची बैठक बसली. समाधान कमिटीचा प्रमुख. तो म्हणाला, "खडूनं लिहायचं, कोणाचातरी हात लागून पुसायचं, परत लिहायचं. आता पुरे. मेघा मोबाईलमध्ये तक्ता करून देईल, सगळ्यांच्या ग्रुपवर पडेल." कोणी नाही म्हटलं नाही. मग मला सभामंडपातून उचलून नळाजवळ आडवं टेकवलं. माझ्या वरच्या काठावर मंडपाच्या दोऱ्या टाकल्या, खाली पाण्याचे जार लावले. वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू? पण त्याहून जास्त थकवा वाटला. एवढी वर्षं उभं राहून आडवं पडल्यावर कळतं, आपण किती दमलो होतो ते.

मेघाने तक्ता मनापासून केला. एका रकान्यात वेळ, दुसऱ्यात नावं, माझ्यासारखाच. बापाने बघितला आणि म्हणाला, "नावं जरा अ-आ-इ-ई नं लाव. लोकांना आपलं नाव लगेच सापडलं पाहिजे." मेघाने नावांचा रकाना निवडला आणि ओळीने लावायला सांगितला. यंत्राने नावं अ पासून लावली. वेळा मात्र होत्या तिथेच राहिल्या. म्हणजे एक रकाना आपल्या जागेवर आणि दुसरा भलतीकडे. वेळेने धरलेला नावाचा हात सुटला.

तरीही निभावलं असतं. सगळ्यांनी तोच तक्ता पाळला असता तर प्रत्येक वेळेला कोणीतरी उभं राहिलंच असतं. पण आमच्या गावाची रीत तुम्हाला सांगितलीच आहे. म्हाताऱ्यांनी तक्ता उघडलाच नाही. त्यांना आपला पहारा पाठ. तरुणांनी मात्र तक्ता पाहिला आणि ते तक्त्याप्रमाणे आले. पहिल्याच दिवशी पहाटेच्या पहाऱ्याला दोघे हजर. "मना शे," "नही, मना शे," असं माझा-माझा थोडा वेळ चाललं. शेवटी एक जण हसून परत गेला. भक्ती वाढली, असं समजून कोणी त्यावर विचार केला नाही.

त्या दिवशी दुपारी ऊन असं होतं की मंदिराच्या पायरीवर पाय ठेववत नव्हता. पंगत लवकर उठली होती. वरण-बट्टी पोटात गेल्यावर गाव आडवं झालं होतं. सभामंडपात तोताराम आबा एकटे वीणा घेऊन उभे. आबांचं वय झालेलं, गुडघे कधीचे गेलेले. पण सप्ताहाची वीणा पहिल्यापासून त्यांच्या देखरेखीखाली. बारा वाजले. समाधानच्या घरून कोणी आलं नाही. तक्त्यात समाधानचं नाव संध्याकाळच्या पहाऱ्याला गेलं होतं, त्यामुळे तो घरी निवांत झोपलेला. आणि तक्त्यात बारासमोर ज्याचं नाव आलं होतं, तो जुन्या सवयीने पहाटेच उभा राहून गेला होता आणि आता मिरची घेऊन दोंडाईच्याला पोचला होता.

आबा वाट बघत राहिले. हाक मारायची तर नाम थांबतं. जायचं तर वीणा कुठे ठेवायची? त्यांचा एक पाय थरथरायला लागला. मी नळाजवळून आडव्या डोळ्यांनी बघत होतो. मला हातपाय असते तर मित्रांनो, मी धावलो असतो. तारेचा आवाज बारीक झाला. आबांचा खांदा खांबाकडे झुकला.

नळावर भागाबाई भांडी घासत होती. ही वना मिस्त्रीची बायको. मिस्त्री जाऊन बरीच वर्षं झाली, मूलबाळ नाही. सप्ताहात ती न बोलावता येते आणि पंगतीची भांडी घासते. तिने मान वर करून पाहिलं आणि हातातलं पातेलं तसंच टाकून आली.

"आबा, तुम्हना पाय कापी राहिनात. बाराना पहारा कोना शे?"

"समाधानना घरना."

"मंग तो कोठे शे?"

"झोपेल व्हई," आबा म्हणाले. दोन शब्दांच्या मध्ये ते नाम घेत होते. "तू हात धुईसन ये."

"बलावाले जाऊ का त्याले?"

"तू जाशी, येशी, तवलोंग मी पडी जासू. हात धुईसन ये, अन वीना धर."

भागाबाई दोन पावलं मागे सरली. "माले? आबा, मी भांडा घसनारी बाई. मनं नाव फळावर कधी व्हतं?"

"नाव मांगून लिखू. आते तार थांबी जाई."

"माले येस नही पन."

"येनं काय शे त्यामा? भांडा घसता घसता दिनभर नाव लेसच ना? तेच ले, उभं राहीसन."

भागाबाईने हात धुतले, पदराला पुसले, पदर डोक्यावर घेतला. आबांनी वीणा तिच्या गळ्यात घातली आणि खांबाला धरून खाली वाकले. तिच्या पावलांना हात लावायला लागले, तशी ती दचकली.

"आबा! माले पाप लागी!"

"तुले नही पडी राहिनू. वीना ज्या पायवर उभी राही, त्या पायसले पडी राहिनू."

तार वाजली. आधी जरा चुकतमाकत, मग बरोबर. आबा भिंतीला टेकून बसले आणि डोळे मिटून टाळ्या वाजवू लागले. वीणा जमिनीला टेकली नव्हती. नाम थांबलं नव्हतं. मला एवढंच कळत होतं, आणि तेवढंच पुरे होतं.

थोड्या वेळाने मेघा पाण्याचा जार भरायला आली. मंडपात बघितलं आणि तिथेच थांबली. आबांनी तिला जवळ बोलावून सगळं सांगितलं. तिने मोबाईल काढला, तक्ता उघडला, मग मान वळवून माझ्याकडे पाहिलं. माझ्यावर मागच्या वर्षीची अक्षरं अजून पुसट दिसत होती. वेळ, नाव. वेळ, नाव. तिचा चेहरा उतरला.

"आबा, माझ्यामुळे झालं हे. एकच कॉलम निवडला मी. दोन्ही सोबत घ्यायचे राहिले."

"जाऊ दे पोरी," आबा हसले. "तुन्हा यंत्रनी बाराखडी चुकनी नही. पन आमी कोंबडावर उठतस, बाराखडीवर नही."

मेघा पळत जाऊन बापाला घेऊन आली. समाधान डोळे चोळत, घाम पुसत चपलांसकट मंडपात शिरला. भागाबाईच्या गळ्यात वीणा पाहून त्याने आबांकडे पाहिलं. मागून आलेल्या दोघातिघांत कुजबुज झालीच: बाईच्या गळ्यात वीणा कशी दिली म्हणून. समाधान वीणा घ्यायला पुढे झाला.

"अक्का, आन आठे. हाऊ पहारा आमना घरना शे."

भागाबाईने तार थांबवली नाही. नामाच्या मधल्या श्वासात म्हणाली, "व्हता. बारा वाजता व्हता."

कुजबुज बंद झाली. आबांना हसू आवरेना. समाधान पायरीपर्यंत मागे गेला. मग त्याने चप्पल पायरीखाली नीट ठेवली, पाय धुतले आणि तिच्या बाजूला टाळ घेऊन उभा राहिला. पहारा संपेपर्यंत तो तिथून हलला नाही.

ऊन उतरल्यावर मला उचलून आत आणलं. मेघाने ओल्या फडक्याने पुसलं, कोरडं केलं, आणि उरलेल्या दिवसांसाठी ओळीने लिहायला बसली. घराघरांतून एकेक जण येऊन आपली वेळ सांगून गेला. समाधानने कबूल केलं की तक्ता ग्रुपवरही टाकायचा, पण आधी इथे लिहून, वाचून, मगच. शेवटी दुपारी दोनची ओळ राहिली. ती वना मिस्त्रीच्या घराची. तो गेल्यापासून ती कोरीच असायची. ज्याला जमेल तो उभा राही.

मेघाने भागाबाईला विचारलं, "काकू, या ओळीत काय लिहू? वना मिस्त्री?"

भागाबाई पुन्हा नळावर भांड्यांना बसली होती. मान वर न करता म्हणाली, "त्यासनं कसाले? त्या काय येतीन का उभं राहावाले? मनं लिख."

मेघाने आबांकडे पाहिलं. आबांनी मान हलवली. मग खडू माझ्या अंगावरून हळू चालला. त्या रकान्यात बाईचं नाव कधी पडलं नव्हतं. खडूचा तो स्पर्श मला नवा वाटला, या वयातही.

मित्रांनो, मी आता फार दिवसांचा नाही. खालचा सांधा फुगला आहे, एक पट्टी सुटली आहे, वना मिस्त्रीच्या हाताच्या लाल रेघा पुसट होत चालल्या आहेत. माझ्या जागी मोबाईल येईल, येऊ दे. त्याला मी का नाही म्हणू? नाम चालत राहिलं म्हणजे झालं. पण तुम्ही उद्या शाळेत, ऑफिसात, कुठेही रकाने आखाल, भराल, हलवाल. तेव्हा या दमलेल्या लाकडाचं एक मागणं ऐका. रकाना हलवायच्या आधी त्याची ओळ हाताशी धरा. आणि एखादी ओळ कोरी दिसली, तर ती कोणाचीच नाही असं समजून पुढे जाऊ नका. नळापर्यंत जाऊन एकदा विचारून या.