गोल शेपटीचा मंगदा

प्रयुनला घरी न्यायचं ठरलं होतं. माणसानं आपल्या उंबऱ्याच्या आत, घरच्या बुद्धमूर्तीसमोर प्राण सोडावा, अशी खाडीकाठची रीत. परक्या खाटेवर गेलेला जीव वाट चुकतो म्हणतात. त्याच्या बायकोनं, लम्दुआननं, चटई अंथरून ठेवायचा निरोपही शेजारणीला धाडला होता.

आदल्या दिवशी प्रयुननं कैरीत कालवलेली मंगद्याची अंडी एकट्यानं ताटभर खाल्ली. ढालीसारख्या पाठीचा हा समुद्रातला जीव धाकट्या भावानं, सोम्फोपनं, जाळ्यातून आणला होता. खाल्ल्यावर आधी ओठ बधिर झाले, मग जीभ, मग हातपाय लुळे पडले. इस्पितळात पोचेस्तोवर श्वासही थांबला. आता यंत्र हवा भरील तेवढीच छाती हलत होती. तिथल्या तरुण डॉक्टरला मंगद्याचाच संशय आला होता, पण सोम्फोप छातीठोकपणे म्हणाला, "तिकोनी शेपटीचा होता, खायचाच." मग मेंदूतच रक्तस्राव झाला असणार, असं डॉक्टरनं धरलं. डोळ्यांत उजेड टाकला तर बाहुल्यासुद्धा हलेनात.

"मावशी, आता आशा दिसत नाही," डॉक्टर खाली मान घालून लम्दुआनला म्हणाला. पण त्यानं एक शहाणपण केलं. आपल्या गुरूंना, डॉक्टर ओराथाईंना, फोन लावला. तिकडून एवढंच उत्तर आलं, "नळी काढू नकोस. मी निघाले."

ओराथाईंचं नाव किनाऱ्यावर कुणाला ठाऊक नव्हतं? बरोबरीच्या डॉक्टरांनी अभ्यासाला कुणी हृदय घेतलं, कुणी डोळे. या बाईंनी विष घेतलं. "हिच्या हातचा चहा कोण पिणार?" असं म्हणून आलेली स्थळं परत गेली म्हणे. अळंबी खाऊन आडवा झालेला डोंगरातला पाडा, भेसळीच्या दारूनं दृष्टी जाऊ लागलेले मजूर, रबराच्या बागेत नाग डसलेल्या बाया, सगळ्यांसाठी त्यांचा फोन वाजायचा. वाचलेल्यांतल्या कितीकांनी त्यांचं तोंडही पाहिलेलं नव्हतं.

त्या आल्या त्या पांढऱ्या वस्त्रात, थेट विहारातून. पौर्णिमेचं व्रत होतं. त्यांनी प्रयुनला पाहिलं आणि पहिला प्रश्न केला, "शेपटी कुठंय?"

"तिकोनीच होती, बाई," सोम्फोप म्हणाला.

"तिकोनी होती ते ऐकलं. कुठंय?"

"फेकली... समुद्रात."

लम्दुआनला आता आठवलं. स्वयंपाकघरात आला तेव्हा मंगद्याला शेपटी नव्हतीच. लहानपणी आईनं शिकवलं होतं, शेपटी बोटांत फिरवून बघ, गोल लागली तर विषारी, तसाच पाण्यात सोड. मग काल तिनं का नाही विचारलं? दिरानं आणलाय, तो काय विष आणील, असं वाटलं.

ओराथाई रागावल्या नाहीत. त्या प्रयुनच्या कानाशी वाकल्या आणि शेजघरात बोलावं तशा हलक्या आवाजात म्हणाल्या, "प्रयुनभाऊ, तुम्हाला सगळं ऐकू येतंय. हे विष हातपाय बांधतं, डोळे बांधतं, श्वासही बांधतं. मन मात्र जागं ठेवतं. तुमचा भाऊ घाबरलाय. शेपटी कुठं आहे ते त्याला ठाऊक आहे."

सोम्फोप खाटेशी आला. "दादा ऐकतोय?" मग तो धावत सुटला.

परतला तेव्हा त्याच्या मुठीत शेपटी होती. "जाळं गुंतलं होतं, म्हणून होडीतच कापली, तिथंच पडली होती. बघितली नाही हो, बाई. नंतर बघायचा धीर झाला नाही."

बाईंनी ती दोन बोटांत फिरवली. गोल.

"ताई, याला उतारा नाही," त्या लम्दुआनला म्हणाल्या. "विष आपणहून उतरतं. तोवर कुणीतरी श्वास द्यायचा, बस. घरी नेलंत तर जिताजागता माणूस मरायला न्याल."

"आणि तुमचं चुकलं तर?"

"तर मी इथंच असेन, तुमच्याजवळ."

लम्दुआननं शेजारणीला दुसरा निरोप धाडला, चटई गुंडाळ. मग ती कानाशी वाकून शेवटच्या घटकेचं बुद्धस्मरण पुटपुटू लागली, तशी बाईंनी तिचा हात धरला. "ते नको, घाबरतील ते. घरी काय बोलता एकमेकांशी?"

"भांडतो."

"मग भांडा की!"

लम्दुआन आधी लाजली, मग तोंड सुटलं. "अहो, छप्पर कधी शाकारणार? गेल्या साली म्हणालात पावसाआधी. पाऊस येऊन गेला, तुम्ही आपले कोंबड्यांच्या झुंजी बघत बसलात! आणि अंडी एकट्यानंच खाल्लीत, बायकोला घासभर विचारलंत?" तरुण डॉक्टर तोंड फिरवून हसला. संध्याकाळी तिनं बाईंपुढं भात-मासळी ठेवली. "दुपारनंतर खात नाही, आज व्रत आहे," म्हणून त्यांनी नुसतं पाणी घेतलं आणि खाटेजवळच्या स्टुलावर बसून राहिल्या.

सकाळी प्रयुनच्या करंगळीला हिसका बसला. मग पापणी. पुढं श्वास स्वतःचा झाला, नळी निघाली. घसा खरवडून निघाला होता, तरी सगळे वाकले तेव्हा पहिले शब्द आले ते बायकोसाठी.

"विचारलं होतं. तूच म्हणालीस, नको."

लम्दुआन ओंजळीत तोंड लपवून रडली. सोम्फोपनं भावाचे पाय धरले. पलीकडं डॉक्टर ओराथाईंनी गोल शेपटी रुमालात बांधून तरुण डॉक्टरच्या हातात ठेवली आणि विचारलं, "आता काही खायला मिळेल का रे? अंडी सोडून."