धुमारीचं पंचांग

माझा नवरा, नविन, कादंबरी लिहितो. तिच्यात धुमारी नावाचं राज्य आहे आणि त्या राज्याचं पंचांगही त्यानेच रचलंय. तिथे काल नाही, उद्या नाही, नुसतं ‘परवा’. होऊन गेलं तेही परवा, यायचंय तेही परवा. आपण रोज बोलतो तसंच की! पण याचा तोरा असा, जणू शब्द यानेच शोधला.

रविवारी नरपडला आमच्या चिकूच्या वाडीत त्याने मित्रांना पंचांग वाचून दाखवलं. मी चहा देत होते. धुमारीत वर्षाच्या शेवटी ‘वांझदिवस’ येतो म्हणे. त्या दिवशी मूल नसलेल्या माणसांना वेशीबाहेर उभं करतात. मग माझ्याकडे बघून म्हणाला, “निलमला विचारा, तिला तारीख पाठ आहे.”

सगळे खिदळले. मी ट्रे तिथेच ठेवला आणि आशागडला आईकडे निघून आले.

मंगळवारी त्याचा फोन आला. “कधी येणार?”

“परवा,” मी म्हटलं.

गुरुवारी संध्याकाळी पुन्हा फोन. आवाज चिरकलेला. “सकाळपासून रिक्षांकडे बघत वेशीबाहेर उभा आहे मी! परवा म्हणालीस ना?”

“मागचं परवा म्हणाले. रविवारचं. तेव्हा होते की मी तुझ्या घरात.”

फोनमध्ये एक रिक्षा त्याच्याजवळून निघून गेल्याचं ऐकू आलं.

“आणि दिवसभर वेशीबाहेर उभा आहेस ना, नविन? मग आज कुठला दिवस आहे, तुझ्याच पंचांगात बघ.”