एका बॅटरपुरतं

आमच्या कॉलेजात बेसबॉलसाठी शिष्यवृत्ती नव्हती, आजही नाही. मोठ्या विद्यापीठांचे कोच मुलांच्या घरी जात तेव्हा त्यांच्याजवळ द्यायला काहीतरी असे. लेलंड कुबिचेकच्या खिशात फक्त सूर्यफुलाच्या बियांची पुडी असायची. नोकरीच्या पहिल्याच हिवाळ्यात तो नेब्रास्काच्या पश्चिम टोकाला एका स्वयंपाकघरात बसला होता आणि त्या घरच्या बाईने त्याला विचारलं, "तुमच्या भरवशावर मुलगा पाठवायचा, आणि उद्या तुम्हीच दुसरीकडे गेलात तर?"

लेलंड म्हणाला, "तुमचा मुलगा खेळतोय तोवर मी कुठे जात नाही."

तेव्हा तो तिशीच्या आतला होता. हे त्याने फार विचार करून म्हटलं नसावं. समोर बटाट्यांबरोबर शिजवलेलं मांस होतं आणि तो दिवसभर गाडी चालवून आला होता. पण मुलगा आला. पुढच्या वर्षी दुसऱ्या आईला त्याने तेच सांगितलं, तिचाही आला. देण्यासारखं काहीतरी आपल्याजवळही आहे, हे त्याला कळलं.

शब्द चार वर्षांचा असे, पण मुलं दरवर्षी नवी येत. जुन्यांना दिलेला शब्द संपायच्या आत नव्यांना दिलेला सुरू झालेला असायचा. कॅन्ससमधल्या एका मोठ्या विद्यापीठाने त्याला बोलावलं. तो जाऊन दिव्यांचं मैदान बघून आला आणि म्हणाला, "आपली मुलं अर्ध्यावर आहेत." मग टेक्सासहून विचारणा झाली, तेव्हाही मुलं अर्ध्यावरच होती. पुढे विचारणं थांबलं. कुबिचेक हलत नाही, असं लोक कौतुकाने म्हणू लागले.

मी कॉलेजचा ग्रंथपाल होतो आणि वसंतात सामन्यांचा गुणलेखक. निवृत्त झाल्यावर पहिलं काम सुटलं, दुसरं राहिलं. डगआउटच्या, म्हणजे खेळाडूंच्या बसायच्या जागेच्या, कडेला जाळीमागे माझं टेबल असे. तिथे माझ्याशी कुणाला बोलावं लागत नसे आणि मला सगळं ऐकू येई. लेलंडचा मी मित्र होतो की त्याच्या सवयीचा माणूस होतो, हे मला अजून नीट सांगता येणार नाही.

त्याची बायको लोर्ना. तिची फुप्फुसं आमच्या हिवाळ्यात दरवर्षी थोडी थोडी हरत होती. डॉक्टरांनी कोरड्या, उबदार हवेत जायला सांगितलं होतं आणि ॲरिझोनात तिच्या बहिणीच्या घराची मागची खोली रिकामी होती. लोर्नाने बरीच वर्षं वाट पाहिली. मग एका रविवारी, मी त्यांच्याकडे जेवायला असताना, ती त्याला म्हणाली, "कोच, तुला मुलं सोडवत नाहीत ना? मग नवी धरू नकोस."

रागावली की ती त्याला कोच म्हणायची.

लेलंडने ते मनावर घेतलं. त्यानंतर मुलांच्या घरी त्याचा सहायक गेन्स जाऊ लागला, आणि लेलंड बाहेर गाडीत हीटर लावून बसायचा. आपण आत गेलो आणि कुणी शब्द मागितला तर आपल्याला नाही म्हणता येणार नाही, हे त्याला ठाऊक होतं. मुलं कमी येऊ लागली, कॉलेजच्या अध्यक्षांनी कुरकुर केली. पण शब्द दिलेली मुलं एकेका वर्गाने पदवी घेऊन बाहेर पडत गेली. शेवटच्या वर्गातली काही मधेच खेळ सोडून गेली, आणि त्या वसंतात एकच उरला. वेड प्रुएट, डाव्या हाताने चेंडू टाकणारा पिचर. त्याचा हंगाम मे महिन्यात संपला की लेलंड मोकळा होणार होता. लोर्नाने सामान भरायला खोकी आणायला सुरुवात केली होती.

मार्चमध्ये वेडचं कोपर दुखावलं. लिगामेंट अर्धवट फाटलं होतं.

लेलंड माझ्या घरी आला तो टोपी न काढताच बसला. "ऑरिन, तू नियम वाचतोस. दुखापत झाली तर ते वर्ष चारांत धरत नाहीत ना?"

"हंगामातल्या एक तृतीयांश सामन्यांच्या आत झाली असेल तर नाही. मुलाला पुढे आणखी एक वर्ष मिळतं."

"आणि वेड?"

मी तपासून ठेवलं होतं. "अगदी काठावर आहे. आणखी एका सामन्यात उतरला तर वर्ष धरलं जाईल आणि मे महिन्यात त्याचं खेळणं संपेल."

"उतरला म्हणजे किती?"

"एक चेंडू टाकला तरी."

तो म्हणाला, "हे तू लोर्नाला सांगू नकोस. मी सांगतो."

त्याने सांगितलंही. लोर्ना म्हणाली, "डार्लिनशी बोल. भली बाई आहे, सोडेल तुला." डार्लिन ही वेडची आई.

"विचारलं तर सोडेलच," लेलंड म्हणाला. "म्हणून तर विचारायचं नाही."

"मी लग्न माणसाशी केलं होतं, दावणीच्या बैलाशी नाही," लोर्ना म्हणाली. पण खोकी तिने परत केली नाहीत.

एप्रिलमधल्या त्या शनिवारी शेजारच्या गावचं कॉलेज आमच्याकडे खेळायला आलं होतं. वारा इतका होता की मी कागदावर दगड ठेवले होते. प्रेक्षकांच्या बाकांवर लोर्ना आणि डार्लिन एकच घोंगडी पायांवर घेऊन बसल्या होत्या आणि डार्लिनने घरून आणलेले कोबी-खिम्याचे पाव खात होत्या. शेवटच्या इनिंगमध्ये आम्ही एका धावेने पुढे होतो. त्यांचे तीनपैकी दोन गडी बाद झाले होते, पण दोन बेसवर त्यांची माणसं उभी होती. आमचा पहिल्या वर्षाचा पिचर दमला होता. आणि त्यांचा सगळ्यात तगडा बॅटर पुढे आला, तोही डावखुरा.

डावखुऱ्यासमोर डावखुरा आणायचा, हे आमच्या गावात न्हाव्यालाही कळतं.

वेड जाकीट अंगावर टाकून बाकाच्या टोकाला बसला होता. तो उठला. "कोच, मला द्या. एकच बॅटर."

"बस खाली."

"दुखत नाहीये."

"कालच चमचा उजव्या हातात धरून सूप पीत होतास तू. बस."

"एकाच बॅटरला काय होतंय, कोच?"

गेन्स जवळ सरकला. गेन्स चांगला माणूस होता, पण अकरा वर्षं लेलंडच्या खुर्चीमागे उभं राहून त्याच्याही पायांना मुंग्या आल्या होत्या. तो हळूच म्हणाला, "कुणी काही म्हणणार नाही, कोच. कुणीही असता तर हेच केलं असतं."

"ठाऊक आहे मला."

"मग?"

लेलंडने पंचांकडे वेळ मागितला आणि मैदानात निघाला. जाताना त्याने जाळीतून माझ्याकडे पाहिलं. मी खाली पाहिलं. मी काय करायला हवं होतं, याचा मी नंतर पुष्कळ विचार केला, आणि त्यातून काही हाती लागलं नाही.

आमच्याकडे कोच मधेच पिचर बदलतो तेव्हा बोलत नाही. उजवा हवा असेल तर उजव्या दंडावर थाप मारतो, डावा हवा असेल तर डाव्या. लेलंड पिचरशेजारी जाऊन उभा राहिला. वेडने जाकीट काढलं होतं. बाकांवरून कुणीतरी ओरडलं, "कोच, त्या डावखुऱ्याचं काय लोणचं घालायचंय का?" लोक हसले. डार्लिनही हसली. लोर्ना उठून उभी राहिली होती.

लेलंडचा उजवा हात वर आला. डाव्या दंडापर्यंत गेला. तिथे थांबला, शर्टाची बाही त्याने मुठीत धरली, आणि मग हात तसाच खाली आला. त्या दमलेल्या पोराला तो काहीतरी म्हणाला, त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि परत फिरला.

दुसऱ्याच चेंडूवर त्या बॅटरने कुंपणापर्यंत फटका मारला. बेसवरचे दोघेही धावत शेवटच्या बेसवर आले आणि त्यांच्या दोन धावा झाल्या. आमच्या पाळीत काही जमलं नाही, आणि आम्ही हरलो.

गाड्यांपाशी मी माझं टेबल घडी करून ठेवत होतो. लोर्ना चालत आली आणि लेलंडच्या समोर उभी राहिली. मी तिथे आहे याचं दोघांनाही भान नसावं. बहुतेकांना नसतं.

"हात दंडापर्यंत गेला होता तुझा," ती म्हणाली.

"हो."

"मी पाहिलं."

"मला माहीत आहे तू पाहिलंस."

"एक बॅटर, लेलंड. त्या पोराला काही झालंही नसतं कदाचित."

"कदाचित."

"मला मात्र होणार आहे. त्यात कदाचित नाही." ती खोकली, आणि खोकला थांबेपर्यंत तो नुसता तिच्या पाठीमागे हात धरून राहिला. न टेकवता. "मी ऑक्टोबरात जाते. तू एक वर्षाने ये. एक वर्ष मी काढेन तिथे."

"एकच वर्ष," तो म्हणाला.

ती गाडी घेऊन गेली. लेलंडने दंताळं उचललं आणि पिचरचा उंचवटा सारखा करायला गेला. हे काम तो मुलांवर सोपवत नसे.

मे महिन्यात वेडच्या कोपराची शस्त्रक्रिया झाली. ऑक्टोबरात मी दोघांना ओमाहाच्या विमानतळावर सोडलं आणि एकाला परत आणलं. वाटेत तो एकदाच बोलला. "त्याला उतरवला असता, तर तू कुणाला काही बोलला असतास?"

"नाही."

"गेन्सही नाही. लोर्नाही नाही," तो म्हणाला. "डार्लिनने तर टाळ्या वाजवल्या असत्या."

नोव्हेंबरातल्या एका रविवारी मी त्याच्याकडे होतो. पुढच्या खोलीत रिकामी खोकी तशीच रचलेली होती. वेड आला. हाताला अजून पट्टा, आणि दुसऱ्या हातात आईने दिलेला फडक्यात गुंडाळलेला डबा.

"डॉक्टरांकडे जाऊन आलो, कोच. कोपर झकास आहे म्हणाले. पण चेंडू टाकायला चौदा महिने."

लेलंडने डबा घेतला. मनातल्या मनात महिने मोजताना त्याचे ओठ हलले. "म्हणजे येता वसंतही गेला."

"गेला, पण तेही वर्ष धरणार नाहीत. गेन्सनी विचारून घेतलं. फोन ठेवला तेव्हा त्यांचा चेहरा असा पडला होता, मला वाटलं त्यांच्या घरी कुणी गेलं." वेड हसला. "मी तोवर पुढची पदवीसुद्धा करू शकतो इथेच. आई म्हणाली, आधी कोचना जाऊन सांग, त्यांना बरं वाटेल."

लेलंड म्हणाला, "बस. खाऊन जा काहीतरी."

त्याने तीन ताटल्या मांडल्या. डब्यातले पाव गरम होते. आम्ही खायला बसलो तेवढ्यात भिंतीवरचा फोन वाजला. दर रविवारी त्याच वेळी लोर्नाचा फोन येई. लेलंडने हात पुसले, मग पुन्हा पुसले, आणि आमच्याकडे पाठ करून फोन घेतला.

"हो, ऐकतोय. बर्फ पडतोय इथे... ऑरिन आलाय जेवायला. तू कशी आहेस?" मग बराच वेळ तो ऐकत राहिला. वेड दुसरा पाव घेत होता.

"नाही," लेलंड म्हणाला. "नवीन काही नाही."