सावळ्याच्या गाडीवरचा वाघ

जव्हारच्या दरबारानं हुकूम काढला, की बाजारात येणाऱ्या प्रत्येक बैलगाडीला पत्र्याची पट्टी हवी आणि पट्टीवर नंबर हवा. दाभोशाच्या सावळ्याला त्यात काही वावगं वाटलं नाही. कर भरायचा, पट्टी ठोकायची, मोकळं व्हायचं. पण त्याच्या आधी गावातला दुसरा गाडीवान, पुंजा, जाऊन आला होता, आणि पुंजाच्या पट्टीवर नंबराशेजारी मोर होता. हिरवागार, पिसारा फुलवलेला.

"जादा कर भरला की आपल्या मनाचं चित्र काढून देतात," पुंजा म्हणाला. "तुझं काय, तुला साधी पुरे."

हे शेवटचं पुंजानं बोलायला नको होतं.

सावळा कचेरीत गेला तो छाती काढूनच. कारकुनानं मान वर न करता विचारलं, "काय काढायचं? कमळ?"

"वाघ."

"वाघाला दुप्पट पडेल."

"मोराला तर एवढं नव्हतं, रावसाहेब."

"मग मोर घे."

सावळ्यानं दुप्पट पैसे भरले. पुढं रंगारी बसला होता. तो म्हणाला, एवढ्यात वाघाचं तोंड होईल. धड आणि शेपूट हवी असेल तर एक कोंबडी. कोंबडी आली, तेव्हा त्याला आठवलं की वाघाच्या डोक्यावर चांद-सूर्य फार शोभतात. त्यासाठी घरातली पायलीभर नागली गेली. पण वाघ असा उतरला, की गावाच्या शिवेवरचा लाकडी वाघदेवच जणू पत्र्यावर येऊन बसला.

सावळ्यानं पट्टी गाडीच्या मागल्या फळीला ठोकली, नारळ फोडला, आणि आनंदाच्या भरात वाघाला शेंदूर फासला. चूक झाली ती इथं. नुसतं चित्र हे चित्र असतं. शेंदूर लागला की तो देव झाला.

"हे काय केलंस?" त्याची बायको नवशी म्हणाली. "आता त्याला रोज जेवू घालशील कं?"

"पत्रा हाय तो, नवशे."

"मगाशी होता."

पहिल्या खेपेलाच पाड्यावरच्या बायांनी गाडी थांबवली, वाघाच्या पाया पडल्या, फुलं वाहिली. सावळा फुलून गेला. पुंजाच्या मोराला कधी कुणी हात जोडले होते? पुढच्या पाड्यावर पुन्हा गाडी थांबली. मग त्याच्या पुढच्याही. कुणाची गाय हरवलेली, कुणाला बकऱ्यांची काळजी. एका म्हाताऱ्यानं कोंबडी वाहिली आणि विचारलं, "देवाची दारू कुठं हाय?" ती सावळ्यालाच आणावी लागली. कोंबडी म्हातारा घरी घेऊन गेला.

जव्हारला जाणारे लोक पूर्वी सावळ्याच्या गाडीत बसत आणि उतरताना काहीबाही हातावर ठेवत. आता बसत आणि उतरताना वाघाच्या पाया पडत.

"भाडं?" सावळा विचारी.

"देवाच्या गाडीला भाडं?" लोकच उलट त्याच्याकडे असं बघत, की त्यालाच लाज वाटे.

एवढ्यावर भागलं असतं. पण गावच्या बारक्या भगतानं एकदा गाडी जाताना पाहिली आणि हाक मारली. "सावळ्या, देव मागं आणि तू पुढं? सारा रस्ता देवाला पाठ दाखवतोस?"

सावळ्यानं पट्टी पुढं ठोकली.

"आता बैलाच्या शेपटीखाली देव?" भगत म्हणाला.

पट्टी बाजूला गेली. पण देवाच्या डोक्यापेक्षा उंच बसायचं कसं? शेवटी सावळा खाली उतरला आणि बैलांच्या बरोबरीनं चालू लागला. गाडीत मिठाची पोती, पोत्यांवर फुकटच्या बाया, आणि गाडीचा मालक पायी. बायांना उंच बसायला भगतानं कधी मना केलं नाही; त्यांतली एक त्याची बहीण होती.

मीठ जव्हारच्या शेटचं होतं. ते खोडाळ्याच्या बाजाराला न्यायचं काम सावळ्याकडं होतं आणि त्यावरच त्याचं घर चाले. पण देव पाड्यापाड्यावर थांबत गेला, आणि मीठ खोडाळ्यात पोचलं तेव्हा बाजार उठून कुत्री फिरत होती. दुसऱ्या खेपेलाही तेच झालं.

"सावळ्या," शेट म्हणाला, "या खेपेला बाजार भरायच्या आत मीठ पोचलं नाही, तर पुढचं काम पुंजाला. त्याला मी खोडाळ्याला बोलावूनच ठेवलाय."

सावळा तसाच भगताकडं गेला. भगतानं बराच विचार केला, म्हणजे सावळ्यानं आणलेली बाटली संपेपर्यंत. मग म्हणाला, "आलेल्या देवाला हाकलता येत नाय. जागा द्यावी लागते." शिवेवर जुन्या वाघदेवाशेजारी सागाचा खांब पुरला, त्यावर पट्टी बसवली, बकरा कापला. सगळा गाव जेवला. पुंजा दोनदा जेवला.

सावळा मोकळी गाडी घेऊन जव्हारला आला, तर नाक्यावर शिपायानं अडवली. पट्टी नाही. कचेरीत कारकून म्हणाला, "जुनी जमा कर, नवी घेऊन जा." सावळ्यानं सगळी हकीकत सांगितली. कारकुनानं शिपायाला बरोबर दिलं आणि सांगितलं, पट्टी उचकटून आण.

शिपाई जवळच्याच शिरपामाळाकडचा, वाघदेवाला मानणारा. शिवेवर पोचला, खांबावरचा शेंदूर आणि माळा बघितल्या आणि पायताण काढून उभा राहिला.

"काढ," तो म्हणाला.

"तुम्ही काढा, शिपाईदादा. हुकूम तुम्हाला हाय."

"पट्टी तुझी हाय."

"आता गावाची हाय."

दोघं उभेच. मग शिपायानं वाघापुढं डोकं टेकलं, आपल्या व्यायला आलेल्या म्हशीबद्दल हळूच काहीतरी सांगितलं आणि परत निघाला.

कारकून चिडला नाही. उलट त्याला हिशेब सोपा झाल्यासारखा वाटला. "पट्टी जमा नाही, म्हणजे ती गाडी चालू आहे. तिचा कर दरसाल भरायचा. वाघाचा, दुप्पट. आणि मीठ वाहायला दुसरी पट्टी हवी, तिचा वेगळा."

"पण ती गाडी नाय, रावसाहेब, खांब हाय!"

"खांबाला पट्टी देत नाही दरबार."

भांडायचं तर बाजार जाणार. सावळ्यानं कनवटीचं होतं नव्हतं ते सगळं टेबलावर ओतलं, साधी पट्टी ठोकून घेतली, मीठ भरलं आणि बैलांना हाकललं. वाटेत पाड्यापाड्यावर बाया उठून उभ्या राहिल्या, पट्टीवर नुसता नंबर बघून पुन्हा खाली बसल्या. कुणी थांबवलं नाही. एकीनं तर तोंड फिरवलं.

खोडाळ्याला पोचला तेव्हा दुकानदार अजून ताडपत्र्या बांधत होते. मोराच्या गाडीला टेकून पुंजा उभा होता, आता काम आपलंच अशा तोऱ्यात. सावळ्याला पाहून त्याचा तोरा उतरला, पण जीभ तशीच राहिली.

"वाघ कुठं?"

"शिवेवर बसलाय."

"आणि कर?"

"मीच भरणार. दरसाल."

पुंजा मोरावर हात आपटून आपटून हसला. "म्हणजे गाडी नाय, चाक नाय, तरी कर! अरे, पोरीचं देज मोजून घेणारा सासराही एवढा महाग पडत नाय!"

"सासऱ्याच्या नावानं सगळा गाव जेवायला येत नाय," सावळा म्हणाला. "तू किती जेवलास, मी बघत होतो." तो गाडीवरून उतरला, पहिल्या पोत्याचं एक टोक धरलं आणि दुसऱ्याकडं बोट दाखवलं. "बकरा पचलाय कं अजून? मग धर हे. बाजार भरायला आला."

पुंजा पुटपुटत पुढं झाला आणि त्यानं पोतं उचललं.