पाठीमागचं पाणी

मी काही नटी नाही. शाळेच्या गॅदरिंगमध्येसुद्धा मला पडदा ओढायलाच ठेवायचे. पण वरच्या मजल्यावरची ताहिरा सकाळी रडकुंडीला येऊन दारात उभी राहिली, तेव्हा नाही म्हणवेना. आमचे हे दिवसभर बँकेत, मुलगा अथर्व कॅनडात. परमुलखातल्या या अख्ख्या हवल्ली वस्तीत माझं दार वाजवणारी ती एकटीच.

ताहिरा इराणची. लग्नांचे व्हिडिओ जोडून पोट भरते आणि उरल्या वेळात स्वतःच्या फिल्म करते. पहिली फिल्म परदेशात दाखवली, लोकांनी नावाजली, पण तिकडच्या सरकारला खुपली, आणि तिच्याचपायी पोरीला मायदेशी जायची चोरी झाली. आता दुसरीचा शेवटचा शॉट राहिला होता. आईचं काम करणारी इराणी बाई घाबरून ऐन वेळी फिरली, आणि भाड्याचा कॅमेरा संध्याकाळी परत द्यायचा. आज शॉट झाला नाही तर फिल्म लटकली.

"चेहरा नको, आंटी. पाठ आणि हात पुरे," ती आमच्या मोडक्या हिंदीत म्हणाली.

मुलगी घर सोडते, आई दारात येते, एवढंच. मुलगी ताहिराच होणार होती. कॅमेरा माझ्या मागे स्टँडवर. ती बॅग घेऊन निघाली आणि मी तिच्या हातावर दही ठेवलं.

"कट! हे काय?"

"निघालेल्या माणसाला देतात, बाई. चाट मुकाट्यानं."

तिनं चाटलं आणि माझ्या हातात पाण्याचं भांडं दिलं. त्यांच्यात जाणाऱ्याच्या पाठीमागे पाणी ओततात, म्हणजे माणूस परत येतो म्हणे. माझ्या अंगावर काटाच आला. आमच्यात मयत उचलल्यावर घर धुतात. जिवंत माणूस निघाला तर मागे केरसुणीसुद्धा लावत नाहीत. अथर्व गेला तेव्हा दिवसभर मी केर काढला नव्हता.

"हे मला जमायचं नाही," मी भांडं खाली ठेवलं.

ताहिरा चिडली नाही. पायरीवर बसली.

"माझ्या आईनं ओतलं होतं," ती म्हणाली. "मी परत गेलेच नाही. तुम्ही ओता. तुमचं तरी लागू पडेल."

मी भांडं उचललं.

ती जिना उतरली. मनात देवाची माफी मागून मी पाणी ओतलं. मग 'कट'ची वाट बघत उभी राहिले. कट म्हणणारीच निघून गेली होती.

खालच्या वळणावरून तिचं रडणं ऐकू आलं. हमसून हमसून रडत होती. धावत जाऊन पोटाशी धरावं असं वाटलं. पण मी हलले तर शॉट जाणार, आणि पोरीकडे त्या शॉटशिवाय दुसरं होतं काय! पायरी सुकत आली. मी पाठ हलू न देता रडत राहिले.