मुखवट्यामागचं स्थळ

नवीन पनवेलच्या एका हॉलमध्ये, दोरीने बांधून घ्यायची आवड असलेली मंडळी मुखवटे घालून गुपचूप जमत. तिथल्या एकावर विनिताचा जीव जडला होता. प्रत्येक गाठीआधी तो हलकेच विचारी, "चालेल ना?" म्हणूनच आज बघायला आलेल्या प्रणितला ती नकार देणार होती.

प्रणितने लिंबाची फोड उचलली. "पोह्यांवर पिळतो. चालेल ना?"

तोच आवाज. विनिताने मान वर करून त्याच्याकडे पाहिलं.

गच्चीत दोघंच उरल्यावर तो म्हणाला, "माफ करा, माझं दुसरीवर मन बसलंय. तिचा चेहराही पाहिलेला नाही."

"मग पाहून घ्या की." विनिताने दोन्ही मनगटं जुळवून पुढे केली.

प्रणितचे कान लालबुंद झाले. "आत काय सांगायचं?"

"पसंत आहे म्हणून सांग. बाकीचं आईला झेपायचं नाय."