कुंपणातली घाणेरी

येलहंक्याच्या आमच्या सोसायटीमागे तलावाकडे उतरणारी टेकडी आहे. तिच्यावर घाणेरी माजलेली. खालच्या करवंदाला, तरवडाला ऊन मिळेना. पुण्याहून मुलाकडे राहायला आलेल्या विद्याधररावांनी ती काढायला दर रविवारची पलटण उभी केली.

नव्या माणसाला ते आधी पान चुरगळून हुंगायला लावत. मग चौकोनी खोड, काटे, रंग बदलणारी फुलं. शेवटी गड्डा खणून झुडूप उलटं ठेवायचं, मुळं आभाळाकडे. गड्डा मागे राहिला किंवा झुडूप सरळ ठेवलं, की बया पुन्हा रुजते. हे सांगताना इतके खुलत, की घरात कार्य निघालंय असं वाटावं.

त्या रविवारी चहा त्यांच्याच तळमजल्याच्या फाटकाशी होता. शिवलीला नावाच्या नव्या मुलीने उभ्या उभ्या कुंपणाचं पान चुरगळलं, हुंगलं.

"अंकल, हे तेच ना?"

सगळे आपापल्या कपात बघू लागले. विद्याधरराव म्हणाले, नर्सरीतली बुटकी जात आहे, हिला फळ धरत नाही. तेवढ्यात कुंपणातून बुलबुल उडाला, चोचीत काळं फळ घेऊन, थेट टेकडीकडे.

कुंपण त्यांच्या बायकोचं, निपाणीच्या महानंदाअक्कांचं. गुडघ्याच्या ऑपरेशननंतर पार्किंगच्या नजरांआड बसायला तेवढाच आडोसा. तो गेला की अक्का पुन्हा खोलीत. राहिला तर हे टेकडीवर कुठल्या तोंडाने जाणार? आठवडाभर त्यांचं आत-बाहेर चाललं. फळं खुडून खिशात भरायची, बसायचं, पुन्हा उठायचं. बुलबुलांना हाकलायला टाळ्या वाजवायच्या. समोरचे लोक वळून बघत, मग हे व्यायामाचं निमित्त करून हात झटकत.

शनिवारी अक्काच म्हणाल्या, "अहो, पाखरांच्या मागं किती पळणार? काढा की ते. मी दोरीवर साडी बांधून तिच्याआड बसते."

"पोरं हसतील."

"हसू देत. तुम्ही टेकडीवर जाता म्हणून तर घरात स्वल्प शांतता असते."

रविवारी पलटण आली तेव्हा कुंपण फाटकाबाहेर उलटं पडलं होतं. दोरीवर जुनी इरकल, तिच्यामागे अक्का. विद्याधरराव घाम पुसत टेकडीकडे चला म्हणून सगळ्यांच्या मागे लागले होते.

शिवलीलेने भिंतीच्या फटीकडे बोट दाखवलं. "अंकल, एक गड्डा राहिलाय. पुन्हा फुटेल. तुम्हीच सांगितलंत."

ते कुदळ घेऊन फटीशी उकिडवे बसले. इरकलीमागून अक्कांचा कानडी हेल आला, "सरी, बरं तर, आज टेकडी इथंच."